हद्दीबाहेर

विश्वास ठेवा, असं मी म्हणणार नाही. मी कुणाला पटवायला बसलेली नाही. मला हे फक्त एकदा सांगून मोकळं व्हायचंय.

हे माझ्या सख्ख्या मोठ्या भावासोबत घडलंय. अर्धं मी त्याच्या तोंडून ऐकलं. उरलेलं आधी स्ट्रेचरवरून माझ्या वॉर्डात आलं, मग माझ्या डोळ्यांसमोर घडलं.

मी नर्स आहे. रक्त बघून माझा हात थरथरत नाही. पण ती जखम आठवली की आजही हातमोजे चढवताना मी क्षणभर थांबते.

आणि हो, रात्र कधी होते याची वाट बघत बसू नका. यातलं सगळ्यात वाईट जे आहे, ते भर दिवसा झालं.

लख्ख उन्हात. माणसं बघत असताना.

दादा सिक्युरिटी सुपरवायझर होता. सहा फुटी गडी. आवाज असा, की त्याने घरात नुसता चहा मागितला तरी शेजारचे दार उघडून बघायचे कोणाचं भांडण लागलंय. मनाने वाईट नव्हता. पण वरून हुकूम आला की प्रश्न विचारायचा नाही, ही त्याची सवय. वहिनी म्हणायची, "हा माणूस नोकरीवर जाताना डोकं घरी काढून ठेवतो." आम्ही हसायचो.

शहर संपतं तिथून पुढे, टेकडीच्या पायथ्याशी एक गाव होतं. विटांची घरं, काही पत्र्याची. मधोमध विहीर. मागे शेतं. एका ठेकेदाराला तिथे गोदामं उभारायची होती. तो म्हणायचा, जमीन मी विकत घेतलीय. गाववाले म्हणायचे, अरे आम्ही विकलीच नाही, तर तू घेतलीस कुणाकडून?

भांडण कोर्टात गेलं होतं. निकाल जवळ आला, तसा ठेकेदाराचा धीर सुटला.

दादाला सांगण्यात आलं, "गाव रिकामं झालंय. चार हट्टी लोक उरलेत. त्यांचं सामान हद्दीबाहेर ठेवायचं. बस्स."

दादा सकाळी माणसं घेऊन पोचला.

गाव रिकामं नव्हतं.

घराघरांत चहा उकळत होता. पोरं शाळेची दप्तरं भरत होती. एक बाई अंगणात तोंड धूत होती. तिने गाड्या बघितल्या आणि तशीच, ओल्या तोंडाने, ओरडत धावत सुटली.

दादाबरोबर त्याचे गार्ड होते. पण मागच्या दोन ट्रकमधून ठेकेदाराची माणसं उतरली. त्यांच्या हातात लोखंडी पाइप होते.

पुढचं दादा मला सलग कधीच सांगू शकला नाही. तुकड्या-तुकड्यात सांगायचा. मध्येच उठून तोंडावर पाणी मारून यायचा.

बायकांना केसांना धरून बाहेर काढलं. एका म्हाताऱ्याच्या तोंडावर पाइप बसला, दात अंगणात पडले, आणि तो ते वाकून वेचत बसला. एका घरात तान्हं पोर होतं. त्याला झोळीसकट बाहेर आणून रस्त्याच्या कडेला ठेवलं, सामानाच्या ढिगावर, गाठोडं ठेवावं तसं. समोरून दगड आले. मग पाइप आणखी जोरात चालले.

दादाने मारलं का? हो. मारलं. त्याने स्वतः कबूल केलंय.

शेवटी एकच घर उरलं. नानाचं.

नाना गावातला गवंडी. निम्मं गाव त्याच्या हातचं. त्याचे हात म्हणजे फावडी नुसती. तो स्वतःच्या दाराची चौकट दोन्ही हातांनी धरून उभा राहिला.

"माझं घर आहे हे. मी बांधलंय."

दादाच्या हाताखाली एक गार्ड होता, सगळे त्याला जाड्या म्हणायचे. जाड्याने पाइप घेतला आणि नानाच्या बोटांवर हाणला. एकदा. पुन्हा. पुन्हा.

नानाने चौकट सोडली नाही.

ठेकेदाराने पोकलेनवाल्याला हात केला. यंत्राचा पंजा मागच्या भिंतीतून आत शिरला. छप्पर खाली बसलं. धूळ खाली आली तेव्हा नाना चौकटीसकट आडवा होता. त्याला ओढत रस्त्यावर नेऊन टाकलं. त्याची मुलगी त्याच्याजवळ बसली. तो तिथेच, हद्दीबाहेर, रस्त्याच्या कडेला गेला.

कागदावर काय आलं? जुनं घर होतं, कोसळलं.

चार दिवसांत गाव सपाट झालं. तारेचं कुंपण उभं राहिलं. गार्डना राहायला पत्र्याच्या केबिन आल्या.

आणि मग सुरू झालं...

आधी कुणाच्या लक्षातच आलं नाही. शांतता होती, एवढंच. गावची कुत्री गावकऱ्यांच्या मागे गेली, ते समजण्यासारखं होतं. पण कावळा नाही? चिमणी नाही? दादा म्हणाला, "डबा उघडला तर माशीसुद्धा येत नव्हती गं."

एका सकाळी गार्ड उठले, तर चपला गायब.

सगळ्या चपला कुंपणाबाहेर पडलेल्या. रस्त्यावर. ढीग करून.

दुसऱ्या दिवशी चहाची भांडी. मग बॅगा. मग कपडे, पांघरुणं. रोज सकाळी कुंपणाबाहेर ढीग. भिरकावून दिल्यासारखा.

दादाला वाटलं, गाववाल्यांचं काम. त्याने पहारा बसवला. पहाऱ्यावरच्या पोराला विचारलं, "कोण आलं होतं?"

"कुणी नाही, साहेब."

"मग सामान बाहेर गेलं कसं?"

पोरग्याने खडीकडे बोट दाखवलं. मग म्हणाला, "सरकत गेलं."

दादाने त्याच्या कानाखाली वाजवली. पोरगा गाल चोळत पुन्हा तेच म्हणाला. "सरकत गेलं, साहेब. मी बघितलं. बादली... आपली आपण... खडीवरून सरकत गेली."

त्या दिवसापासून आवाज यायला लागला. दिवसाउजेडी.

खर्र... खर्र... खर्र...

जड काहीतरी खडीवरून ओढत न्यावं तसा. विहिरीकडून यायचा आणि कुंपणापाशी थांबायचा. बघायला गेलं तर काही नाही. नुसता एक चर. मातीत उमटलेला, लांबच लांब.

दोन गार्ड पगार न घेता पळाले. जाड्या मात्र हसायचा. "म्हाताऱ्याची बोटं मोडलीत मी. तो काय ओढणार?"

ती दुपार.

जेवणं झाली होती. जाड्या केबिनमध्ये आडवा झाला होता. दादा आणि बाकीचे बाहेर सावलीत बसले होते. कुणीतरी काहीतरी विनोद केला, सगळे हसत होते.

केबिनचं दार धाडकन उघडलं.

जाड्या बाहेर आला.

चालत नाही... पाठीवर. डोकं पुढे, पाय मागे घासत. त्याचे केस वर ताठ उभे होते. एका जागी गोळा होऊन. कुणीतरी मुठीत धरावेत तसे.

मूठ मात्र दिसत नव्हती.

आधी तो ओरडलाच नाही. त्याचे डोळे फक्त गरागरा फिरत होते. मग त्याने दाराची चौकट धरली. बोटं पांढरी पडली. पत्रा फाटला आणि हातात आला. त्याने खुर्ची धरली, खुर्ची त्याच्यासोबत गेली. त्याने खांब धरला...

आणि मग तो किंचाळला.

दादा धावला. त्याने जाड्याचे पाय धरले, उलटे ओढले. सहा फुटी माणूस, पण तोही फरपटत निघाला. "समोरून कुणी एकजण ओढत नव्हतं," दादा मला म्हणाला. "वीस-पंचवीस माणसं दोर ओढतात ना, तसा हिसका होता. आणि गरम... असं गरम, जसं भट्टीचं दार उघडलंय."

समोर कुंपण होतं. काटेरी तार.

ओढणारे थांबले नाहीत.

दादाने पाय सोडले. जाड्या तारेतून पलीकडे गेला. म्हणजे, त्याचा बराचसा भाग गेला.

आणि रस्त्याला लागल्याबरोबर सगळं थांबलं.

तासाभरात तो माझ्या वॉर्डात होता. अंगावरच्या जखमा तारेच्या होत्या, त्या मला कळल्या. डोक्याची नाही कळली. टाळू पुढून मागे सोलून निघाली होती. ती साफ करताना हाताला काळं लागत होतं. मला वाटलं माती. वास घेतला.

राख होती.

ओली, जुनी राख. आणि कानाच्या मागे, जिथे कातडी शिल्लक होती तिथे, भाजल्याचा डाग. चार बोटं आणि एक अंगठा.

मी माझा हात त्यावर धरून बघितला. माझा हात काही मोठा नाही. पण तो डाग माझ्या हातापेक्षा लहान होता.

संध्याकाळी जाड्या शुद्धीवर आला. मी त्याच्या तोंडाशी कान नेला. तो म्हणाला, "सिस्टर... म्हातारा नाहीये."

"मग कोण?"

"लय जण आहेत..."

पहाटेपर्यंत तो गेला.

दादाला मी हात जोडले. म्हटलं, सोड ही नोकरी. तो तयार होता. पण ठेकेदाराने त्याला साइटवर बोलावून घेतलं. हिशोब तिथेच करू म्हणाला.

मी गेटपर्यंत दादासोबत गेले. आत नाही गेले. पुढचं मी गेटबाहेरून, माझ्या डोळ्यांनी पाहिलंय.

ठेकेदार पांढऱ्या गाडीतून आला. सोबत पोकलेनवाला. सकाळची अकराची वेळ असेल, ऊन तापलं होतं. राहिलेले गार्ड गेटपाशी घोळका करून उभे होते. आत पाऊल टाकायला कुणी तयार नव्हतं.

"बायका आहात का रे तुम्ही?" ठेकेदार ओरडला. "गावठी लोकांचे खेळ आहेत हे! जमिनीत कोण बसलंय तुमचा बाप?"

दादा त्याच्या मागे गेला. "साहेब, बाहेर बोलू. माझं ऐका, बाहेर चला."

पोकलेनवाला आत उभ्या यंत्रावर चढला. ठेकेदाराने खुर्ची मागवली. जिथे नानाचं घर होतं बरोबर तिथे मांडली. पायावर पाय टाकून बसला.

"ही जमीन माझी आहे. बघू कोण काढतं मला."

वारा नव्हता. तरी मातीवर धूळ उठली. पातळ. जमिनीलगत. विहिरीकडून निघाली आणि पसरत आली...

खर्र...

एका बाजूने नाही. सगळीकडून.

खुर्ची मागे कलंडली. ठेकेदार पाठीवर आपटला आणि सरकायला लागला. आधी हळू. त्याचा चष्मा पडला. पोकलेनवाला यंत्र सोडून पळत सुटला, तो गेटबाहेर येईपर्यंत थांबला नाही.

ठेकेदाराने पोकलेनच्या चाकांवरचा लोखंडी पट्टा धरला. दोन्ही हातांनी, घट्ट, कोपरापर्यंत हात आत घालून.

त्याचं शरीर जमिनीवरून उचललं गेलं. ताणलेलं. पाय आमच्या दिशेने, गेटच्या दिशेने, हवेत आडवे. पायांना कुणी धरलेलं दिसत नव्हतं. पण पँटीला धूर येत होता.

"साहेब, हात सोडा!" दादा घसा फाडून ओरडत होता. "सोडा! बाहेर टाकतील फक्त! सोडून द्या!"

"माझी आहे!" ठेकेदार किंचाळला. "माझी आहे! माझी—"

मी हाडाच्या वॉर्डात काम केलंय. सांधा निखळल्याचा आवाज मला माहीत आहे. तो मला गेटपर्यंत ऐकू आला.

त्यानंतर जो आवाज आला, तो मला माहीत नव्हता.

तो गेटबाहेर येऊन पडला. हात मागे राहिले. पट्ट्यात.

मी त्याच्याजवळ गुडघ्यावर बसले. माझं काम होतं ते. ओढणीने बांधलं, दाबून धरलं. काही उपयोग नव्हता. माझ्याकडे बघत तो ओठ हलवत राहिला आणि थांबला.

मी मान वर केली.

दादा अजून आत होता.

तो खाली पडलेला होता. त्याचे केस वर उभे राहिले होते. गोळा होऊन... मुठीत धरल्यासारखे. त्याच्या हाताशीच कुंपणाचा लोखंडी खांब होता. कुणीही धरला असता. बुडणारा माणूस काय करतो?

दादाने तो धरला नाही.

त्याने डोळे मिटले, दोन्ही हात छातीवर घेतले आणि अंग सैल सोडलं. एखाद्या प्रेतासारखं.

तो फरपटत आला. पाठ सोलून निघाली. पण गेटमधून आला, तारेतून नाही. रस्त्यावर पोचल्यावर त्याचं डोकं जमिनीवर टेकलं. आपटलं नाही. टेकवलं.

दादा म्हणतो, त्या वेळी कुणीतरी त्याच्या कानाशी खोकलं. धुरात खोकतात तसं. लहान मूल.

पोलिसांनी लिहून नेलं, यंत्राचा अपघात. दादाची पाठ भरायला बरेच आठवडे लागले. चालायला लागला तेव्हा पहिलं वाक्य बोलला, "मला नानाच्या मुलीकडे ने."

"मारून टाकतील तुला."

"मारू देत."

गाववाले शहराच्या दुसऱ्या टोकाला, नाल्याकाठी, पत्र्याच्या शेडमध्ये राहत होते. नानाची मुलगी शिवणकाम करत होती. तिने दादाला ओळखलं. मशीन थांबवलं नाही.

दादा दारातच खाली बसला. "मी माफी मागायला आलोय. तुम्ही द्याल असं नाही. पण तुमच्या वडिलांना सांगा... आता पुरे म्हणावं. ज्यांनी केलं, त्यांना मिळालं."

"माझे वडील?"

"तिथे... जमिनीवर..."

तिने मशीन थांबवलं. आळीपाळीने आम्हा दोघांकडे बघितलं. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. गोंधळ होता.

"माझे वडील तिथे नाहीत," ती म्हणाली. "ते इथे आहेत."

दादाने मागे वळून बघितलं.

"रोज दिवेलागणीला येतात. भिंत वाजवून बघतात. गवंडी ना. त्यांना ही भिंत पसंत नाही."

बाहेर अंधारायला लागलं होतं. आणि मग मागच्या पत्र्यावर...

टक.

टक... टक.

बोटाच्या पेराने वाजवल्यासारखं. सावकाश. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत.

तिने मान न वळवता सांगितलं, "हो नाना. पत्राच आहे. माहितीये मला."

टकटक थांबली. दादाचा चेहरा घामाने भिजला होता.

"मग तिथे कोण आहे?" त्याने विचारलं.

मीच तिला सगळं सांगितलं. राख. भाजल्याचा डाग. लहान हात. खोकला. ऐकता ऐकता तिने हातातलं कापड खाली ठेवलं.

"आमच्या गावात कुठेही पाया खणला," ती हळू आवाजात म्हणाली, "की कमरेइतक्या खोलीवर काळा थर लागायचा. कोळसा, राख. कधी कधी भांडं. नाना म्हणायचे, बघू नका, बुजवा. लहानपणी मी विचारलं होतं, आपल्या आधी इथे कोण राहायचं? माझी आजी माझ्या तोंडात मारून म्हणाली, कुणी नाही. तिने मला आयुष्यात तेवढं एकदाच मारलं."

"पण तुम्हाला त्यांनी कधी काही केलं नाही? इतकी वर्षं?"

तिने खाली ठेवलेलं कापड पुन्हा उचललं.

"आम्ही राबत होतो तिथे. कदाचित तेवढ्यासाठी सोडलं असेल." मग म्हणाली, "की वाट बघत होते... मला नाही माहीत, ताई. खरंच नाही माहीत."

निघताना दादा तिच्या पाया पडायला वाकला. तिने पाय मागे घेतले. "माफ नाही केलंय मी तुम्हाला," ती म्हणाली. "तुमची पाठ सोलली म्हणून माझे वडील परत मिळत नाहीत." आणि मशीन पुन्हा सुरू केलं.

कोर्टाचा निकाल नंतर लागला. गाववाल्यांच्या बाजूने. दादाने साक्ष दिली होती. कुणी कुणाला कसं मारलं, स्वतःसकट, सगळं सांगितलं. मारहाणीबद्दल त्याला शिक्षा झाली. तो आता आत आहे. भेटायला गेले की शांत असतो. वहिनी मात्र माझ्याशी बोलत नाही. तिला वाटतं, साक्ष द्यायला मीच भरीस घातलं.

निकाल लागूनही गाववाले परत गेले नाहीत. कुणीच नाही. त्यांनी पैसे घेऊन जमीन दुसऱ्या कुणाला तरी विकली.

आता तिथे राहत्या घरांची वसाहत झालीय. मला हे कळलं ते आमच्या वॉर्डातल्या एका नर्समुळे. धाकटी आहे माझ्याहून. मागच्या महिन्यात पेढे घेऊन आली आणि मोबाइलवर फोटो दाखवायला लागली. "ताई, घर घेतलं! बघा ना, टेकडीच्या पायथ्याशी. हवा काय मस्त आहे."

मी फोटो बघितला. टेकडी ओळखली.

मी तिला सगळं सांगितलं. काही लपवलं नाही. ती ऐकत होती, मध्ये एकदा तिने माझा हातही धरला. मग हसली.

"ताई, आपण आत्ता उभ्या आहोत ना, तेही आधी कुणाचं तरी असणारच की. कुठे कुठे घाबरायचं?"

मी मोबाइल तिच्या हातात परत दिला.

परवा ती राहायला गेली. काल तिची सुट्टी होती.

आज सकाळच्या पाळीला ती आलेली नाही. पाळी संपून दुपार झाली. मी ड्यूटीरूममध्ये बसून हे लिहितेय. तिचा फोन लागतोय. रिंग पूर्ण वाजते.

कुणी उचलत नाही...